मध्ययुगीन इंग्लंडमधल्या प्रेमकादंबऱ्यांत लोकांना एवढं काय सापडतं?

तुमची बहीण किल्ले, नाइट आणि जबरदस्तीची लग्नं असलेल्या जाडजूड इंग्रजी प्रेमकादंबऱ्या एकामागून एक फस्त करते, आणि मुखपृष्ठावरचा उघड्या छातीचा वीर पाहून तुम्हाला प्रश्न पडलाय की यात वाचण्यासारखं आहे तरी काय. मी कॉलेजपासून या कादंबऱ्या वाचतेय, त्यामुळे बहिणीचीच बाजू घेणार हे आधीच सांगून टाकते. मुखपृष्ठ मनावर घेऊ नका, ती प्रकाशकाची हौस. आतला नायक बहुतेक वेळ लोकरीत आणि चिलखतात गुंडाळलेला असतो. तिकडे थंडी केवढी!

किल्ले, घोडे, मेजवान्या ही सगळी वरवरची सजावट. प्रेमकथेला खरी गरज असते ती दमदार अडथळ्याची. आजच्या काळातल्या प्रेमकथेत लेखकाची इथेच पंचाईत होते, कारण दोघांनी एक फोन केला तर निम्मं कथानक जागेवरच आटोपतं. बाराव्या शतकातल्या इंग्लंडमध्ये अडथळा आयता मिळतो, आणि तो खुद्द कायद्यानेच घातलेला असतो.

1066 मध्ये फ्रान्समधल्या नॉर्मंडीचा विल्यम हेस्टिंग्जची लढाई जिंकला आणि इंग्लंडचा राजा झाला. पुढच्या 20 वर्षांत जुन्या इंग्लिश जमीनदारांच्या बहुतेक जमिनी नॉर्मन सरदारांकडे गेल्या. विल्यमने 1086 मध्ये देशभरच्या जमिनींची जी नोंद करवून घेतली, त्या डूम्सडे पाहणीत ते गाववार लिहिलेलं आहे. जमीन तलवारीने मिळाली, तरी रयतेने मानावं म्हणून जुन्या मालकाच्या मुलीशी किंवा विधवेशी लग्न करणं नव्या धन्याच्या सोयीचं होतं. ‘बापाच्या वैऱ्याशी लग्न’ हे जे कथानक तुम्हाला भडक वाटतं, त्याचं मूळ हे.

पुढे तर याची रीतसर व्यवस्थाच झाली. राजाकडून थेट जमीन धरणारा सरदार मेला आणि वारस अल्पवयीन असला की पालकत्व राजाकडे जायचं. वारस मुलगी असली तर तिचं, आणि सरदाराच्या विधवेचंही, लग्न लावून द्यायचा हक्क राजाचाच. हा हक्क राजा बक्षीस द्यायचा, नाहीतर सरळ विकायचा. 1185 मध्ये दुसऱ्या हेन्रीच्या अधिकाऱ्यांनी बारा परगण्यांतल्या अशा विधवांची आणि अनाथ वारसांची यादी केली, ती आजही उपलब्ध आहे. बाईचं वय, मुलं किती, माहेर कुठलं, जमिनीचं उत्पन्न किती, आणि आणखी इतकी मेंढरं, इतके बैल घातले तर ते कितीवर जाईल, सगळं टिपलेलं. वधू-वर सूचक मंडळाचा फॉर्म यापुढे फारच सोवळा म्हणायचा.

अशा बाया मुकाट्याने बसल्या होत्या असंही नाही. ऑमालची काउंटेस हाविझ हिचा पहिला नवरा 1189 मध्ये वारला. राजा पहिल्या रिचर्डने तिच्यासाठी आपल्या मर्जीतला एक नवरा ठरवला. ती नको म्हणाली, तेव्हा तिच्या मालमत्तेवर जप्ती आली आणि तिला मान तुकवावी लागली. तो गेला, मग तिसरा झाला, आणि 1212 मध्ये तोही गेला. आता गादीवर जॉन. या वेळी हाविझने राजाला 5000 मार्क द्यायचं कबूल केलं: माझ्या जमिनी माझ्याकडे ठेवा आणि माझं लग्न लावू नका. 1 मार्क म्हणजे पाऊंडाचे दोन तृतीयांश. म्हणजे 3300 हून जास्त पाऊंड झाले, निव्वळ एकटं राहण्यासाठी! तीनच वर्षांनी, 1215 च्या मॅग्ना कार्टात, विधवेला मनाविरुद्ध लग्न करायला लावू नये असं कलम आलं. शाळेत मॅग्ना कार्टा म्हणजे राजाच्या सत्तेवर लगाम एवढंच शिकवतात. हे कलम मला एका कादंबरीच्या शेवटच्या टिपणात पहिल्यांदा भेटलं.

आता तुम्ही म्हणाल, ही तर सगळी दुःखाची कहाणी, यात प्रेम कुठे? तर या कादंबऱ्यांत लग्न पहिल्या पन्नास पानांत उरकतं आणि प्रेम व्हायला पुढची तीनशे पानं जातात. ज्यांच्या घरात आजी-आजोबांनी एकमेकांना धड पाहिलं ते लग्नानंतरच, त्या आपल्यासारख्यांना हे वेगळं समजावून सांगावं लागत नाही. अनोळखी माणसाबरोबर एका छपराखाली राहायचं, त्याच्या सवयी ओळखायच्या, कुठल्या विषयाला हात लावायचा नाही हे शिकायचं, हा मजकूर मला चंद्रप्रकाशातल्या भेटींपेक्षा जास्त खिळवतो.

याला इतिहासात उत्तम उदाहरण आहे. विल्यम मार्शल हा धाकट्या पातीचा, बिनजमिनीचा नाइट. 1189 मध्ये, चाळिशी उलटल्यावर, त्याला राजाच्या पालकत्वाखालची इझाबेल द क्लेअर बायको म्हणून मिळाली. ती जेमतेम सतरा-अठराची, पण वेल्स आणि आयर्लंडमधल्या अफाट जमिनींची वारस. सौदा म्हणाल तर सौदाच. पण 1207 मध्ये राजाने त्याला आयर्लंडहून इंग्लंडला बोलावून घेतलं, तेव्हा त्याने गरोदर इझाबेलला आपल्या सरदारांपुढे उभं केलं आणि सांगितलं की ही जन्मानेच तुमची धनीण आहे, माझं इथे जे काही आहे ते हिच्यामुळे आहे. त्याच्या घराण्याने लिहवून घेतलेल्या पद्यचरित्रात हा प्रसंग आहे. घराण्याची स्तुती त्यात भरपूर, हे मान्य. पण कादंबरीकाराला एवढं भांडवल खूप झालं.

माझा सगळ्यात आवडता धागा मात्र लग्नाच्या कायद्याचा. जमीन राजाच्या हातात असली तरी लग्न लागलं की नाही हे चर्च ठरवायचं, आणि बाराव्या शतकापासून चर्चचं म्हणणं असं की दोघांनी एकमेकांना ‘मी तुझा पती’, ‘मी तुझी पत्नी’ असा शब्द दिला की लग्न लागलं. पाद्री नको, साक्षीदार नको, बापाची परवानगीही नको. असं चोरून केलेलं लग्न चर्चला पसंत नव्हतं, पण ते मोडताही येत नव्हतं.

आणि हे खरोखर घडायचं. नॉरफकच्या पॅस्टन घराण्याचा पंधराव्या शतकातला पत्रव्यवहार टिकून राहिलाय. (बाप जॉन, थोरला मुलगा जॉन, त्याच्या पाठचाही जॉन. वाचताना कागदावर वंशावळ काढून ठेवा.) या घरची मुलगी मार्जरी हिने घरच्या कारभाऱ्याला, रिचर्ड कॉलला, गुपचूप शब्द दिला. घरात रणकंदन माजलं. आमच्या बहिणीला फ्रॅमलिंगममध्ये मेणबत्त्या आणि मोहरी विकायला बसवायला मी कधी हो म्हणणार नाही, असं धाकट्या जॉनने लिहिलंय. दोघांची ताटातूट केली. रिचर्डने तिला लिहिलेलं पत्र आहे: तुझ्याशी बोललो त्याला हजार वर्षं झाल्यासारखी वाटतात, आणि हे वाचून झालं की जाळून टाक. जाळलं गेलं नाही, म्हणून आपण वाचतोय.

1469 मध्ये नॉर्विचच्या बिशपने मार्जरीला बोलावून घेतलं. कुळाची, नातलगांची आठवण करून दिली आणि विचारलं, नेमके कुठले शब्द बोललीस? तिने ते सांगितले. वर हेही सुनावलं की एवढ्याने लग्न पक्कं होत नसेल तर इथून जायच्या आधी आणखी पक्कं करते. रिचर्डला वेगळं विचारलं, त्याची जबानी जुळली. बिशपचा इलाज चालेना. आईने तिला दार बंद केलं. रिचर्डला मात्र नोकरीवर ठेवलं, कारण हिशेब त्याच्याशिवाय कोणाला जमत नव्हते! हा तपशील मला कुठल्याही कादंबरीत सापडला असता तर लेखिकेला मी दाद दिली असती. आणि मेणबत्त्यांवरून टोमणा मारणारा तो धाकटा जॉन? 1477 च्या फेब्रुवारीत त्यालाच त्याच्या वाग्दत्त वधूने ‘माझ्या व्हॅलेंटाइन’ म्हणून पत्र धाडलं. माझे वडील हुंडा वाढवायला तयार नाहीत, पण तुमचं माझ्यावर प्रेम असेल तर तेवढ्यासाठी मला सोडू नका, अशी त्यात विनवणी. त्याने सोडलं नाही.

या कादंबऱ्यांत खोटंही पुष्कळ असतं. खरी मार्गारेट बोफर्ट 1457 मध्ये आई झाली, पुढे सातवा हेन्री म्हणून राजा झालेल्या मुलाची. तेव्हा ती 13 वर्षांची होती, आणि विधवा. कादंबरीतली नायिका मात्र नेमकी एकोणीस-वीसची, हिरव्या डोळ्यांची, दात शाबूत, लॅटिन येणारी आणि झाडपाल्याची औषधं देणारी. गावातल्या सगळ्या बायका वैदू असतील तर आजारी कोण पडायचं? बटाट्याचं सूप आलं की मी हसून पान उलटते (बटाटा तिकडे सोळाव्या शतकात पोचला), पण सरदाराचा रयतेच्या नववधूवरचा ‘पहिल्या रात्रीचा हक्क’ आला की पुस्तक मिटते. इंग्लंडमध्ये असा हक्क होता याला कसलाही पुरावा नाही, आणि ज्या लेखिकेने तेवढंही तपासलं नाही ती पुढे काय दिवे लावणार!

बहिणीला एकदा विचारा, तिचा काळ कुठला. 1066 नंतरचा म्हणाली तर तिला वैऱ्याशी लग्नाची कथानकं आवडतात. बाराव्या शतकात इंग्लंडच्या गादीसाठी झालेल्या स्टीफन आणि मटिल्डाच्या यादवीचा म्हणाली (1142 च्या हिवाळ्यात मटिल्डा ऑक्सफर्डच्या वेढ्यातून बर्फात दिसू नये म्हणून पांढरी वस्त्रं पांघरून निसटली होती) तर तिला साहस हवंय. आणि पंधरावं शतक म्हणाली तर पॅस्टन पत्रांच्या जुन्या आवृत्त्या इंटरनेटवर फुकट मिळतात, त्या तिला पाठवा. तुम्हीही वाचा, त्यांच्यावर उघड्या छातीचं मुखपृष्ठ नसतं.