माहितीपटात दिग्दर्शकच नाचू लागला तर

प्रश्न : आमच्या फिल्म सोसायटीत मार्लन रिग्ज यांचा ‘टंग्ज अनटाइड’ (१९८९) हा अमेरिकी माहितीपट दाखवला. त्यात दिग्दर्शक स्वतःच नाचतात, कविता म्हणतात, आपली कहाणी सादर करतात. याला माहितीपट म्हणावे का, यावर आमच्यात वाद झाला. आपले मत काय?
– एक वाचक, सांगली

उत्तर : निःसंकोच म्हणावे. कृष्णवर्णीय समलिंगी पुरुषांच्या आयुष्याविषयी त्या काळी माहितीपट करायचा, तर जुन्या चित्रफितींचा नेहमीचा पुरावा आणायचा कुठून? पडद्यावर त्यांचा उल्लेख होई तो बहुधा टिंगलीपुरता, आणि त्या टिंगलीचे नमुनेही रिग्ज यांनी चित्रपटात घेतले आहेत. म्हणून त्यांनी स्वतःचे शरीर आणि आवाज हाच दस्तऐवज मानला, आणि एसेक्स हेम्फिल यांच्यासारख्या कवींना सोबत घेतले.

जॉर्जिया राज्यातल्या ऑगस्टा इथल्या शालेय दिवसांविषयी ते बोलतात, तो भाग पुन्हा पाहावा. रिग्ज शांतपणे सांगत असतात आणि मध्येच पडदाभर नुसती तोंडे येऊन शिव्या हासडून जातात. काही कातडीच्या रंगावरून, काही समलिंगी असण्यावरून. पुढे ते सॅन फ्रान्सिस्कोच्या कॅस्ट्रो भागात येतात. तिथे समलिंगी माणसे उजळ माथ्याने वावरतात, पण सगळीकडे चेहरे गोरेच, आणि त्या गर्दीत आपण कुणाच्या खिजगणतीत नाही हे त्यांना उमगते. हे दुहेरी परकेपण एखाद्या तज्ज्ञाच्या मुलाखतीतून इतके भिडले असते, असे मला मुळीच वाटत नाही.

माझा आक्षेप आहे तो वेगळ्याच जागी. कृष्णवर्णीय पुरुषांनी एकमेकांवर प्रेम करणे हीच क्रांती, अशा घोषणेने चित्रपट संपतो. प्रत्यक्षात रिग्ज यांचे जोडीदार गोरे होते, आणि त्या नात्याला चित्रपटात जागा नाही. ही उणीव समीक्षकांनी तेव्हाच दाखवली होती. सादरीकरणामुळे सत्याला बाध आला नाही. जे सादर केले नाही, त्यामुळे मात्र आला.

१९९१ मध्ये ‘पीबीएस’ या सार्वजनिक वाहिनीजालावरून तो दाखवायचे ठरले, तेव्हा अनेक केंद्रांनी नकार दिला. पुढच्याच वर्षी अध्यक्षपदाच्या उमेदवारीसाठी झगडणाऱ्या पॅट ब्युकॅनन यांनी सरकारी पैशाच्या उधळपट्टीचा नमुना म्हणून त्यातली दृश्ये आपल्याच रिपब्लिकन पक्षाचे तेव्हाचे अध्यक्ष जॉर्ज बुश (थोरले) यांच्याविरुद्धच्या जाहिरातीत वापरली. त्या दृश्यांत प्रामुख्याने गोरे पुरुष होते, म्हणजे ज्यांच्यासाठी हा चित्रपट झाला ते तिथेही गाळले गेले, याची मला आजही चीड येते.

एप्रिल १९९४ मध्ये, वयाच्या ३७ व्या वर्षी, रिग्ज एड्सने गेले. ‘ब्लॅक इज... ब्लॅक एंट’ हा त्यांचा अखेरचा माहितीपट सहकाऱ्यांनी पूर्ण केला; त्यात ते रुग्णालयातल्या खाटेवरूनही बोलतात आणि अस्सल कृष्णवर्णीय कोण, हे ठरवणाऱ्या आपल्याच समाजाला जाब विचारतात. सोसायटीने पुढच्या खेळाला तो लावावा.