आधी दाराची कडी काढा

पत्र: मी गुहागर तालुक्यात राहते. यजमान जहाजावर नोकरीला असल्यामुळे वर्षातले बरेच महिने घरी मी, सासूबाई आणि दहावीतला मुलगा एवढेच असतो. मुलगा रात्री माडीवर मोबाइलवर भयपट बघतो, तेही मुले आईवडिलांच्या जिवावर उठतात असे. एकदा मागे उभी राहून पाहिले, तर तळघरात एक लहान मुलगी थापीने आईला मारत होती. तेव्हापासून मी झोपताना खोलीला आतून कडी लावते. परवा त्याने विचारले, “आई, तू मला घाबरतेस?” मला उत्तर देता आले नाही. सासूबाई म्हणतात, याला बाहेरची बाधा आहे, भगताला दाखवू. मी काय करू?

सप्रेम नमस्कार, ताई.

तुमचे पत्र वाचताना मला सर्वांत जास्त काळजी वाटली ती त्या कडीची. तिचा आवाज मुलाने ऐकलेला आहे, आणि आपली आई आपल्यापासून स्वतःला वाचवते आहे या समजुतीने तो रोज रात्री झोपतो आहे. त्याने कधी धमकी दिल्याचे किंवा हात उगारल्याचे तुम्ही लिहिलेले नाही. तसे काही नसेल, तर आजपासून कडी लावू नका आणि “मी त्या सिनेमाला घाबरले, तुला घाबरले नाही” हे त्याला स्पष्ट शब्दांत सांगा.

तुम्ही पाहिलेला प्रसंग बहुधा 1968 सालच्या ‘नाइट ऑफ द लिव्हिंग डेड’ या अमेरिकी चित्रपटातला असावा. व्हिएतनाम युद्धावरून तिथली तरुण पिढी वडीलधाऱ्यांच्या विरोधात उभी राहिली होती, त्या वर्षांतला हा चित्रपट. त्याआधी, 1956 मध्ये, ‘द बॅड सीड’ आला. मूळ कादंबरीत खुनी मुलगी जिवंत राहते आणि आईचा अंत होतो. पण गुन्हेगाराला शिक्षा झालीच पाहिजे, असा हॉलिवूडच्या तेव्हाच्या नियमावलीचा दंडक असल्यामुळे पडद्यावर मुलीवर वीज पडते आणि आई वाचते. ‘द एक्झॉर्सिस्ट’ (1973) मध्ये सैतानाने झपाटलेल्या मुलीची आई नवऱ्यापासून वेगळी राहून एकटीने तिला वाढवते, आणि मुलीच्या वाढदिवसालाही वडिलांचा फोन येत नाही. ‘द ओमेन’ (1976) मधल्या वडिलांनी आपले मूल दगावल्याचे बायकोपासून लपवून त्याच्या जागी दुसरे आणून ठेवलेले असते, आणि ते सैतानाचे निघते. हे सगळे चित्रपट मोठ्या माणसांनी स्वतःच्या भीतीपोटी आणि अपराधभावनेपोटी केलेले आहेत, असे माझे मत आहे. एकटीने मुलाला वाढवताना आपण कुठे कमी पडतो की काय, ही शंका तुमच्या मनात आधीपासून असणार, आणि म्हणून ते दृश्य तुम्हाला इतके झोंबले.

पंधराव्या वर्षाचा मुलगा तोच चित्रपट दुसऱ्या बाजूने पाहत असतो. शिकवणी, परीक्षा, पुढची शाखा, सारे इतरांनी ठरवलेले असताना, मोठ्यांना घाबरवून सोडणारे पोर पाहण्यात त्याला दोन तास मोकळे वाटत असेल. मुलाच्या हातून आईचा जीव जाण्याची गोष्ट आपल्याकडे नवी नाही. आपण आपल्या कोकणाला ज्या परशुरामाची भूमी म्हणतो, त्या परशुरामाने वडिलांच्या आज्ञेवरून आईवर परशू चालवला, आणि वर मागताना आई जिवंत व्हावी व तिला त्या वधाची आठवणही राहू नये, असे मागितले. ही कथा सांगताना आपण मुलांना कधी घाबरलो नाही.

म्हणून मोबाइल काढून घेऊ नका. रविवारी दुपारी त्याच्याच पसंतीचा एखादा चित्रपट त्याच्या शेजारी बसून पाहा आणि संपल्यावर, तुला कोणाची बाजू पटली, एवढेच विचारा. उत्तर कसेही आले तरी उपदेश करू नका. मात्र ‘ए’ प्रमाणपत्राचे चित्रपट अठरा वर्षांखालच्या मुलांसाठी नाहीत, आणि 2024 पासून ‘यूए 16+’ असा वेगळा वर्गही आहे, त्यामुळे काही चित्रपटांना नाही म्हणण्याचा तुम्हाला पूर्ण अधिकार आहे. रात्री अकरानंतर मोबाइल खाली ओटीवर राहील, हा नियम घरातल्या सर्वांसाठी करा, तुमच्यासाठीसुद्धा.

सासूबाईंना ग्रामदेवतेपुढे गाऱ्हाणे घालायचे असेल तर घालू द्या. त्यांच्या जिवाला त्याने आधार मिळेल. भगताकडे मात्र मुलाला अजिबात नेऊ देऊ नका. तुझ्यात काहीतरी शिरले आहे, असे घरच्यांनीच म्हटले, तर पडद्यावरचे ते पोर आपणच आहोत, असे त्याला वाटू लागेल. भूत उतरवण्याच्या नावाखाली मारहाण करणे हा महाराष्ट्रात 2013 च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा आहे, हेही सासूबाईंना शांतपणे सांगा.

त्याची झोप उडाली, जेवण तुटले, मित्र सुटले, तो स्वतःला किंवा मुक्या जनावरांना इजा करू लागला, धमक्या देऊ लागला किंवा कोणी बोलत असल्याचे भास त्याला होऊ लागले, तर वाट पाहू नका. टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य मदतवाहिनीच्या 14416 या क्रमांकावर चोवीस तास मोफत बोलता येते, मराठीतही. जिल्हा रुग्णालयातल्या मानसोपचारतज्ज्ञांनाही दाखवा.

आणि यजमानांना हे सगळे कळू द्या. जहाजावरच्या माणसाला उगाच घोर नको, म्हणून तुम्ही बऱ्याच गोष्टी पोटात ठेवत असाल. पुढचा फोन आला की तो आधी मुलाच्या हाती द्या, आणि सराव परीक्षेचे गुण विचारण्याआधी, सध्या कोणता सिनेमा पाहतोस, हे विचारायला त्यांना आधीच सांगून ठेवा.