‘हाका’ला युद्धनृत्य म्हणावं का?

न्यूझीलंडला जाऊन आलेल्या एका वाचकाने आपल्या प्रवासवर्णनातलं एक वाक्य पाठवलं आहे: ‘संध्याकाळी रोटोरुआला आम्ही माओरी आदिवासींचं हाका हे युद्धनृत्य पाहिलं; त्यांनी डोळे वटारून, जीभ काढून आमचं स्वागत केलं आणि शेवटी नाकाला नाक घासून जवळीक दाखवली.’ त्यांचे प्रश्न दोन. हाका तो, ती की ते? आणि आपल्या ‘हाका मारणे’शी त्याचं काही नातं आहे का?

नात्याचं लगेच सांगता येतं: नाही. मराठी ‘हाक’ प्राकृतातल्या ‘हक्क’ या धातूपासून आली. हाकणे, हाकारे, हाकाटी ही सगळी तिचीच भावंडं. माओरी ‘हाका’ हा पॉलिनेशियन भाषांमधला शब्द आहे. हवाईकडे तोच ‘हआ’ होतो, सामोआत ‘सआ’. अर्थ नाच. ध्वनी जुळले म्हणून गोत्र जुळत नाही.

मात्र त्या संध्याकाळी एक खरीखुरी हाक असते. पाहुणे अंगणाच्या तोंडाशी थांबतात आणि पलीकडून एका बाईचा लांबवलेला, उंच आवाज येतो. ती ‘कारंगा’. शब्दाचा अर्थच मुळी हाक मारणं. यजमानांची बाई हाक देते, पाहुण्यांकडची बाई तिला उत्तर देते, आणि त्यानंतरच पाऊल पुढे टाकायचं. पुष्कळ जण ‘कारंगा’ला ‘स्वागतगीत’ म्हणतात. मला ते पटत नाही. स्वागतगीत म्हटलं की शाळेच्या स्नेहसंमेलनात प्रमुख पाहुण्यांसमोर पेटीवर म्हटलं जातं ते आठवतं. इथे साधं ‘हाक’ लिहावं.

आता ‘युद्धनृत्य’. प्रश्नात तो शब्द विचारलेलाच नाही, पण माझा खरा आक्षेप त्याच्यावर आहे. तो पक्का झाला रग्बीमुळे. न्यूझीलंडचा ऑल ब्लॅक्स संघ सामन्याआधी हाका करतो, प्रतिस्पर्धी समोर उभे राहून पाहतात आणि मग दोन्हीकडचे आडदांड गडी एकमेकांना भिडतात. लढाई आठवणारच. पण माओरीत हाका म्हणजे नाच, आणि त्याचे प्रकार पुष्कळ. हातात शस्त्र घेऊन लढाईपूर्वी करायचा तो ‘पेरुपेरु’; त्याला खुशाल युद्धनृत्य म्हणा. बिनशस्त्राचा तो ‘तापाराही’. पाहुण्यांना सामोरं जाताना करतात तो वेगळा. लग्नात हाका होतो, पदवीदानाला होतो, मयताला आलेल्या माणसांसमोरही होतो. बायकाही करतात.

लोकांना सगळ्यात जास्त माहीत असलेला हाका म्हणजे ‘का माते’. तो रचला ङाती तोआ या जमातीचा प्रमुख ते राउपाराहा (‘ते’ हा नावाचाच भाग) याने, साधारण १८२०च्या सुमारास. शत्रू पाठीवर होते आणि रोतोआइरा सरोवराकाठी तो एका पेवात लपला. पेव रताळ्यांचं (तिकडे रताळ्याला ‘कुमारा’ म्हणतात), आणि पेवाच्या तोंडावर बसून राहिली यजमान प्रमुखाची बायको, ते रांगिकोआएआ. शत्रू निघून गेले, हा वर आला आणि उन्हात नाचला. ‘का माते, का माते! का ओरा, का ओरा!’ म्हणजे मेलो, मेलो! जगलो, जगलो! पुढे ज्या केसाळ माणसाने सूर्य आणून पुन्हा तळपता केला त्याचं वर्णन आहे, आणि शेवट पायरी पायरीने वर येण्याचा. जगभर ‘युद्धनृत्य’ म्हणून दाखवली जाणारी ही रचना मुळात पेवातून जिवंत बाहेर आलेल्या माणसाच्या आनंदाची आहे. २०१४ साली न्यूझीलंडच्या संसदेने खास कायदा करून ‘का माते’च्या व्यावसायिक वापरात ते राउपाराहा आणि ङाती तोआ यांचा उल्लेख बंधनकारक केला. तुमच्या लेखाला तो कायदा लागू होणार नाही, पण नाव लिहायला काय हरकत आहे?

त्याच संसदेत १४ नोव्हेंबर २०२४ रोजी हाना-राफिती माइपी-क्लार्क या तरुण खासदार बाईंनी विधेयकाची प्रत फाडून हाच हाका सुरू केला. ब्रिटिश राजसत्ता आणि माओरी प्रमुख यांच्यात झालेल्या १८४०च्या वाइतांगी कराराचा अर्थ नव्याने लावू पाहणारं ते विधेयक होतं. प्रेक्षक सज्जातले लोकही त्यांच्या सुरात सूर मिसळून उभे राहिले. माइपी-क्लार्क यांना २४ तासांसाठी निलंबित केलं गेलं, आणि पुढे जून २०२५मध्ये आणखी सात दिवसांसाठी. साथ देणाऱ्या, त्यांच्याच पक्षाच्या दोन नेत्यांना २१ दिवस. इथे ‘संसदेत युद्धनृत्य’ असा मथळा दिला की बाई कुणाला मारायला धावल्या असं वाटतं. तो निषेध होता.

माओरी कथेत तर हाकाचं मूळ उन्हाळ्यात आहे. सूर्य आणि हिने-राउमाती, म्हणजे ग्रीष्मकन्या, यांचा मुलगा ताने-रोरे. भर उन्हात जमिनीवर हवा थरथरताना दिसते ना, तो या मुलाचा आईसाठी चाललेला नाच. नाचणाऱ्यांचे तळहात आणि बोटं सतत लवलवत असतात ती हीच थरथर. तिला ‘विरी’ म्हणतात. पुढच्या रांगेत बसलात तर चेहऱ्यांवरून नजर काढून थोडा वेळ नुसत्या हातांकडे पाहा. पाय जमीन दणाणून सोडत असतात, आवाज छातीत घुमतो, आणि बोटं मात्र त्या सगळ्यापासून अलिप्त, आपल्याच वेगाने थरथरत असतात. मधूनच कोरडी सळसळ ऐकू येते. ती ‘पिउपिउ’ची, म्हणजे कमरेच्या झालरीची. हाराकेके या झाडाच्या लांब पात्यांपासून ती करतात. पाती वाळताना गुंडाळून नळ्या होतात आणि कंबर हलली की त्या एकमेकींवर आपटतात.

तेव्हा पहिल्यांदा लिहिताना ‘हाका, म्हणजे माओरींचा समूहनाच’ असं लिहून पुढे नुसतं ‘हाका’ म्हणावं. आणि पूर्ण कार्यक्रमाला ‘हाका’ म्हणू नये, त्याचं नाव ‘कापा हाका’. कापा म्हणजे ओळ, रांग. १९७२ साली रोटोरुआला सुरू झालेला आणि दर दोन वर्षांनी भरणारा ‘ते मातातिनी’ हा त्याचा सर्वांत मोठा महोत्सव. तिथे एका संचात चाळीस जण असतात आणि अर्ध्या तासाच्या आसपासच्या सादरीकरणात प्रवेशाची रचना, जुनी पारंपरिक पदं, दोरीला बांधलेले गोळे फिरवत म्हणायचं पोईगीत, हातांच्या हालचालींचं गाणं, हाका आणि निरोपाची रचना असं सगळं येतं. हाका हा त्यातला एक भाग. पर्यटकांसमोरचा कार्यक्रम आटोपशीर असतो, पण त्यातही हे बहुतेक सगळं असतंच. हातांच्या हालचालींच्या गाण्याला मराठीत ‘अभिनयगीत’ हा शब्द तयार आहे. फक्त त्याला बालवाडीचा वास येतो. ‘हातगाणं’ म्हणायचा मोह मला होतो, कारण माओरी शब्दातही हातच आहे, ‘वाइआता-आ-रिंगा’.

आता वाक्यातल्या क्रियापदांकडे. ‘डोळे वटारणे’ म्हणजे रागाने दटावणे. मास्तर वटारतात, सासू वटारते. नाचणारे करतात ती ‘पुकाना’. तिच्यात आव्हान असतं, आवेश असतो, कधी नुसता आनंदही. त्यासाठी ‘डोळे विस्फारणे’ बरं. ‘जीभ काढून दाखवणे’ याचा मराठीत एकच अर्थ होतो, वेडावणे. ‘जीभ पूर्ण बाहेर काढून’ असं सरळ वर्णन करा, आणि ‘पुरुषांनी’ हा शब्द घाला, कारण जीभ बाहेर काढणं हे पुरुषांचं काम. बायका डोळे आणि हनुवटी वापरतात. प्रेक्षकांतलं कुणीतरी हसून उलट जीभ दाखवतं तेव्हा यजमानांच्या दृष्टीने तो खरोखरच वेडावण्याचा प्रकार होतो, हे जाणाऱ्यांनी लक्षात ठेवावं.

आणि ‘नाक घासणे’! हे तर काहीही करून बदलाच. मराठीत नाक घासतो तो लाचार माणूस. ‘होंगी’मध्ये दोघंही बरोबरीचे असतात. नाकाला नाक टेकवायचं, बऱ्याचदा कपाळाला कपाळही, आणि क्षणभर तसंच थांबायचं. घासायचं काहीच नसतं. एकमेकांचा श्वास वाटून घेणं असा त्याचा अर्थ ते सांगतात. ताने या देवाने मातीच्या पहिल्या स्त्रीच्या नाकपुड्यांत प्राण फुंकला, त्या कथेशी तो जोडलेला आहे. ‘नाकाला नाक टेकवलं’ एवढं पुरे.

‘आदिवासी’बद्दल माझा फार हट्ट नाही, ‘मूळनिवासी’ म्हणालात तरी चालेल. पण ते स्वतःला जे म्हणवतात ते ऐकण्यासारखं आहे: ‘तांगाता फेनुआ’. तांगाता म्हणजे माणसं. फेनुआ म्हणजे जमीन आणि फेनुआ म्हणजेच वारसुद्धा, बाळंतपणात पडते ती. बाळाची वार आपल्या भूमीत पुरायची रीत आहे. ‘तिथे काय नाळ पुरली आहे का तुझी?’ असं आपण गावच्या ओढीवरून एखाद्याला चिडवतो, त्याच अर्थाने ही माणसं त्या जमिनीची. ‘भूमिपुत्र’ हा शब्द जवळचा होता, पण महाराष्ट्रात त्याला निवडणुकीचा रंग लागला.

याच्या जोडीचा शब्द ‘मानुहिरी’, म्हणजे पाहुणे. तुमच्या वाक्यातलं ‘पाहिलं’ मला खटकतं ते याच्यामुळे. पाहुणा आणि पाहणे यांचाही व्युत्पत्तीने संबंध नाही. पाहुणा संस्कृत ‘प्राघूर्ण’वरून आला. तर कार्यक्रमाच्या सुरुवातीला जो स्वागतविधी, ‘पोफिरी’, होतो त्यात तुम्ही प्रेक्षक नसता, एक पक्ष असता. तुमच्यातल्या एकाला त्या संध्याकाळपुरता प्रमुख नेमतात. ‘ताइआहा’ हे लाकडी शस्त्र फिरवत एक योद्धा अनवाणी पुढे येतो, जमिनीवर एक डहाळी ठेवतो, आणि तुमच्या प्रमुखाने त्याच्यावरची नजर न काढता ती वाकून उचलायची. उचलली म्हणजे आम्ही सलोख्याने आलो आहोत. मग भाषणं, आणि भाषणामागे त्याला दुजोरा देणारं गाणं. खऱ्या मारायेवर, म्हणजे जमातीच्या सभास्थानी, गेलात तर पाहुण्यांनाही गाणं म्हणावं लागतं. मराठी घोळक्यात या क्षणी एकमेकांना कोपरखळ्या सुरू होतात, ‘तू म्हण, तू म्हण’. सगळ्यांना पाठ असं एक कडवं आधीच ठरवून ठेवा. मंगलाष्टकं सोडून काहीही चालेल. तेव्हा ‘स्वागतविधीत सहभागी झालो आणि मग कापा हाका पाहिला’ असं दोन क्रियापदांनी लिहा.

‘पाहिला’ लिहिलं, म्हणजे लिंग मी ठरवून टाकलं. मराठीत आलेले आकारान्त परके शब्द बहुधा पुल्लिंगी होतात: कॅमेरा, सोफा, पिझ्झा. त्यामुळे तो हाका. ‘हाका नृत्य’ असं जोडून लिहिलंत तर मात्र नपुंसकलिंग ‘नृत्या’मुळे येतं, नुसता ‘हाका’ त्याने बदलत नाही. अडचण अनेकवचनाची आहे. कॅमेऱ्याच्या चालीने ‘हाके’ आणि ‘हाक्याची लय’ व्हायला हवं, पण ते सध्या कानाला टोचतं, म्हणून मी ‘हाकाची लय’ लिहितो. ‘दोन हाका’ लिहिलं तर कुणीतरी दोनदा बोलावलं असं वाटेल, तेव्हा ‘हाकाचे दोन प्रकार’ अशी पळवाट काढावी. क्रियापद कोणतं? आपण लेझीम खेळतो, फुगडी घालतो, गोंधळ घालतो, पोवाडा गातो, प्रत्येकाचं ठरलेलं. गोंधळाच्या चालीवर ‘हाका घालणे’ मला आवडलं असतं, पण कोकणात त्याचा अर्थ बोलावणे होतो. ‘हाका केला’ हेच ठीक.

राहता राहिलं लेखन. माओरी त हा आपल्या त-च्या जवळचा आहे, ट-च्या नव्हे, रोतोरुआ, तांगाता. रोटोरुआ आता रुळलं आहे, मीही वर तेच लिहिलं, पण नवीन नावं तरी ‘त’नेच लिहावीत. ‘डब्ल्यू-एच’ दिसलं की बहुतेक ठिकाणी फ: फेनुआ, फाकारेवारेवा. आणि ‘एन-जी’ म्हणजे आपला ङ. वर्णमाला म्हणताना घोकायचा आणि लिहिताना क्वचितच भेटणारा तो ङ तिथे शब्दाच्या सुरुवातीलाही येतो, म्हणून मी ‘ङाती तोआ’ असं लिहिलं आहे. मधोमध आला तर मात्र ‘कारंगा’, ‘होंगी’ असंच लिहितो. उच्चार करताना त्यातला ग गिळायचा.