गोळीची जखम भरली, कोड कुठला?

प्रश्न: मी राजारामपुरीत बसून अमेरिकन पेशंटांचे चार्ट (दवाखान्याच्या नोंदी) कोड करते, म्हणजे विम्यासाठी आजार-इजांना आयसीडी-१०-सीएम या तिकडच्या यादीतले कोड लावते. ३ वर्षांपूर्वी कुणीतरी पेशंटच्या उजव्या दंडात पिस्तुलाची गोळी घातलेली, रेडियल नर्व्ह (मनगट उचलणारी हाताची नस) गेली, आता मनगट लुळं पडलंय. टीम लीड म्हणतो इजेच्या कोडच्या शेवटी 'डी' अक्षर लाव. बरोबर आहे का?

उत्तर: नाही ओ ताई, 'डी' जखम भरत असताना, मागं राहिलेल्या त्रासाला 'एस', मग वर्षं कितीही होऊ देत. आधी आजचा त्रास, म्हणजे लुळं मनगट, एम२१.३३१, मग जुनी इजा एस४४.२१एक्सएस, शेवटी हल्ल्याचा एक्स९३.एक्सएक्सएक्सएस, त्यातले मधले, रिकाम्या जागा भरणारे तीन एक्स खाल्ले की विम्याचा क्लेम परत आलाच म्हणून समजा. आणि हल्ला झाला हे चार्टात लिहिलेलं पाहिजे हां, नुसतं 'गोळी लागली' असेल तर नियमानं अपघात धरतात, आपण काय पोलीस नव्हे, शंका आली तर डॉक्टरांना सरळ क्वेरी टाका.