कॉम्प्युटर इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला आहे. हेल्थकेअर आयटीमध्ये जायचं असेल तर कोणती लँग्वेज शिकू? आणि एआय आल्यावर तिथे काही काम उरेल का?

लँग्वेजचं आधीच सांगून टाकते, नाहीतर नंतर राहून जाईल. एसक्यूएल (डेटाबेसमधून माहिती काढायची लँग्वेज) पक्कं करा, जावा किंवा पायथॉन यातलं जे हाताला बसेल ते घ्या, आणि एचएल७ व एफएचआयआर, म्हणजे हॉस्पिटलच्या सिस्टिमनी एकमेकींना माहिती पाठवायचे ठरलेले नमुने, काय आहेत ते वाचून ठेवा. लँग्वेजच्या फॅशनची चिंता करू नका. १९६०च्या दशकात अमेरिकेतल्या मॅसॅच्युसेट्स जनरल हॉस्पिटलात मम्प्स नावाची लँग्वेज तयार झाली, आणि आजही कित्येक मोठ्या हॉस्पिटल सिस्टिमच्या पोटात तीच किंवा तिचीच लेकरं चालू आहेत.

पण मी उत्तर लिहायला बसले ते तुम्ही प्रश्नाखाली जी ओळ टाकलीय तिच्यामुळे. 'आमचे सर म्हणतात सिस्टिम चांगल्या असतात, हॉस्पिटलचा स्टाफ त्या नीट वापरत नाही, खरा प्रॉब्लेम यूजरचा आहे.' ही ओळ वाचली आणि राहवलं नाही. मी २२ वर्षं नर्सिंगमध्ये आहे, त्यातली शेवटची ७ हॉस्पिटलच्या इन्फॉर्मेटिक्स टीममध्ये (वॉर्डातल्या कॉम्प्युटर सिस्टिम बघणारी टीम), आणि त्या टीममध्ये मी गेले तेच या वाक्याशी भांडून गेले.

झालं असं की आमच्या वॉर्डातली कागदाची ड्रग शीट जाऊन स्क्रीन आली त्याला पाचेक महिने झाले होते. संध्याकाळची ड्युटी, वॉर्ड फुल, आम्ही दोघीच. कॉम्प्युटर दोन, तेही नर्सिंग स्टेशनवर टेबलाला केबलने बांधलेले. म्हणजे औषध द्यायचं पेशंटजवळ आणि 'दिलं' ही नोंद करायची वीस-पंचवीस पावलं चालत स्टेशनला येऊन. १४ नंबर बेडच्या आजोबांना जेवणाआधीचं इन्सुलिन होतं, १० युनिट. मी शुगर बघितली, मनगटावरचा पट्टा वाचला, त्यांना नाव विचारलं, इन्सुलिन दिलं. स्टेशनला आले. पेशंटची यादी बेड नंबरप्रमाणे उघडीच होती. १४ च्या ओळीवर माउस नेला आणि क्लिक केलं, आणि नेमकी त्याच क्षणी यादी रिफ्रेश झाली. १२ नंबर बेड रिकामा होता, तिथे नवीन अ‍ॅडमिशन चढली, त्यामुळे खालच्या सगळ्या ओळी एकेक घर सरकल्या आणि माझा क्लिक पडला १३ वर.

१३ नंबरचे काकाही डायबेटिसचेच, त्यांनाही तेच इन्सुलिन. जे पान उघडलं त्यावर पेशंटचं नाव होतं, नव्हतं असं नाही, पण वरच्या कोपऱ्यात, करड्या रंगात, औषधाच्या नावाच्या निम्म्या आकारात. मी औषधाचं नाव वाचलं, 'दिलं' दाबलं आणि पळाले, कारण ९ नंबरची बेल वाजत होती.

आता पुढची साखळी बघा. १३ पर्यंतचे पेशंट माझ्या जोडीदारणीकडे होते. ती इन्सुलिन द्यायला निघाली तर स्क्रीनवर दिसतंय दिलेलं, तिला वाटलं मीच मदतीला देऊन टाकलं. १४ नंबरसमोर लाल खूण, 'उशीर झाला'. ड्युटी संपताना नाइटच्या सिस्टरला ओव्हर देताना मी तोंडी सांगितलं होतं की माझ्या सगळ्यांचं इन्सुलिन झालंय, पण ट्रेनिंगमध्ये आम्हाला घोकून घेतलं होतं की तोंडी काही धरायचं नाही, स्क्रीनवर आहे तेच खरं. नाइटच्या सिस्टरने तेच केलं. सिरिंज भरून ती १४ नंबरजवळ गेली तेव्हा आजोबा अर्धवट झोपेत म्हणाले, "अहो सिस्टर, मघाशी तर टोचलंत." तिने सिरिंज खाली ठेवली आणि मला फोन केला. मी तेव्हा चेंजिंग रूममध्ये चपला घालत होते. मी तशीच धावत वर गेले. आजोबा वाचले ते त्यांच्या स्वतःच्या त्या एका वाक्याने. बोलता न येणारा पेशंट असता, गुंगीत असता, तर? दहावर दहा युनिट, रात्रीची वेळ, शुगर किती खाली गेली असती आणि कुणाच्या लक्षात आलं असतं, हा विचार मी अजून करते. १३ नंबरच्या काकांची शुगर त्या रात्री खूप चढली, ती सांभाळली गेली.

चौथ्या दिवशी मला मेमो. कारण: यूजर एरर. उपाय: रीट्रेनिंग.

मी ऑडिट लॉग, म्हणजे सिस्टिममध्ये कुणी केव्हा काय केलं याची आपोआप होणारी नोंद, मागितला. सॉफ्टवेअर प्रोजेक्टचे जे हेड होते त्यांनी मला समोर बसवून सांगितलं, "मॅडम, तुम्ही ज्या ओळीवर क्लिक केलं तीच ओळ सिस्टिमने उघडली. सिस्टिम चुकलेली नाही." आवाज चढवला नाही, अपमानही केला नाही, त्यांना ते मनापासून पटलेलं होतं आणि तेच मला जास्त लागलं. तीन आठवडे मी मागे लागले. शेवटी त्यांच्याच टीममधल्या एका मुलाने प्रिंटआउट आणून दिला. यादी रिफ्रेश झाल्याची वेळ आणि माझ्या क्लिकची वेळ, दोन्ही सेकंदापर्यंत एकच. मग तो मुलगा आणि मी ट्रेनिंगच्या कॉम्प्युटरवर बसलो. त्याने दुसरीकडून खोटी अ‍ॅडमिशन टाकायची, मी इकडे क्लिक करायचं. सहाव्या का सातव्या वेळी तसंच घडलं. टेस्टिंगमध्ये हे कुणाला का दिसलं नाही तर टेस्टच्या वॉर्डात पाच खोटे पेशंट होते आणि त्या वॉर्डात कधीच कुणी नवीन भरती होत नव्हतं! खऱ्या वॉर्डात संध्याकाळी सातला अ‍ॅडमिशनची रांग लागते हे टेस्ट लिहिणाऱ्याने बघितलेलंच नव्हतं.

दुरुस्ती काय होती? यादीवर माउस असेपर्यंत ओळी हलू द्यायच्या नाहीत, आणि पेशंटचं नाव, वय, बेड नंबर मोठ्या ठळक अक्षरात पानाच्या डोक्यावर. एवढंच. त्याला चार महिने लागले. तोवर आम्ही सगळ्याजणी तळहातावर पेनाने बेड नंबर लिहून स्टेशनला यायचो.

हे फक्त आमच्याकडे झालं असं समजू नका. थेरॅक-२५ चं प्रकरण तुमच्या अभ्यासात असेलच, नसेल तर सरांना विचारा. रेडिएशनचं मशीन, १९८५ ते १९८७ मध्ये ६ पेशंटना भयंकर ओव्हरडोस गेला, काही जण दगावले. आधीच्या मॉडेलमध्ये चुकीचा बीम (किरणांचा झोत) अडवणारे हार्डवेअरचे अडथळे होते, ते काढून सगळी भिस्त सॉफ्टवेअरवर टाकली. टेक्सासमधल्या अपघातात ऑपरेटरने चुकून टाकलेला मोड कर्सर वर नेऊन पटकन दुरुस्त केला. स्क्रीनवर दुरुस्ती दिसली, आत मशीनची मांडणी जुनीच राहिली. मेसेज आला 'मालफंक्शन ५४'. म्हणजे काय, ते कुठे धड लिहिलेलं नव्हतं, आणि असले मेसेज दिवसात इतक्यांदा यायचे की 'पी' दाबून पुढे जायची सवयच लागलेली. ती ऑपरेटर हाताने सफाईदार होती म्हणून चूक बाहेर आली, सावकाश टाइप करणारी असती तर आली नसती. आणि मशीनचा दोष शोधला कुणी, तर त्याच ऑपरेटरने आणि हॉस्पिटलच्या फिजिसिस्टने, पुन्हा पुन्हा तोच क्रम टाइप करून. हे मी जेव्हा पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला तो प्रिंटआउट आणणारा मुलगा आठवला.

आणि हे ज्ञान काल-परवाचं नाही. अमेरिकेत इंडियानाच्या क्लेम मॅक्डोनाल्ड या डॉक्टरांनी १९७६ मध्ये एक प्रयोग छापला. कॉम्प्युटरने आठवण करून दिली तेव्हा डॉक्टरांनी ५१ टक्के वेळा योग्य ती दखल घेतली, आठवण नसताना २२ टक्के. तेच डॉक्टर, तेच ज्ञान. त्यांनी त्यातून काढलेला अर्थ मला फार महत्त्वाचा वाटतो: सुटणाऱ्या गोष्टी आळसामुळे किंवा अज्ञानामुळे सुटत नाहीत, माणसाच्या डोक्यात एका वेळी एवढी माहिती मावतच नाही, म्हणून सुटतात. मग ट्रेनिंग देऊन माणूस 'सुधारायचा' हा हट्ट कशाला? पन्नास वर्षं होत आली की याला.

दुसरं उदाहरण तुमच्या सरांना नक्की दाखवा. पिट्सबर्गच्या मुलांच्या हॉस्पिटलात डॉक्टरांच्या ऑर्डर कॉम्प्युटरवर घ्यायला सुरुवात केली. २००५ मध्ये तिथल्याच डॉक्टरांनी छापलं की बाहेरून हलवून आणलेल्या गंभीर मुलांमधला मृत्युदर २.८० टक्क्यांवरून ६.५७ वर गेला. कारणं काय दिली? पूर्वी मूल वाटेत असतानाच ऑर्डर तयार व्हायच्या, आता मूल येऊन रजिस्टर होईपर्यंत ऑर्डर टाकताच येईना. एकेका ऑर्डरला क्लिकवर क्लिक. हात पेशंटवरून उठून कीबोर्डवर गेले. पुढच्याच वर्षी सिएटलच्या मुलांच्या हॉस्पिटलाने छापलं की तेच सॉफ्टवेअर त्यांच्याकडे बसवलं तर मृत्युदर वाढला नाही. त्यांनी आधी तयारी केली होती, नेहमी लागणाऱ्या ऑर्डरचे संच बांधून ठेवले होते. सॉफ्टवेअर एकच, माणसंही तितकीच शिकलेली. आता यात यूजर कुठे वाईट होता ते सांगा.

उलट यूजरने काय दिलंय तेही ऐका. औषध देताना पेशंटच्या पट्ट्यावरचा आणि औषधावरचा बारकोड स्कॅन करायचा, जुळला नाही तर मशीन अडवतं, ही पद्धत अमेरिकेतल्या माजी सैनिकांच्या हॉस्पिटलांमध्ये १९९०च्या दशकात वाढली. तिची कल्पना सू किनिक नावाच्या नर्सची. भाड्याची गाडी परत करताना तिथल्या माणसाच्या हातातला स्कॅनर बघून तिला वाटलं, गाडीला जमतं तर पेशंटला का नाही. आमच्याकडे बारकोड असता तर माझा तो क्लिक घडलाच नसता, कारण नोंद पेशंटच्या उशाशीच झाली असती. आम्ही नर्सेसनी पहिल्याच मीटिंगला चाकं लावलेले कॉम्प्युटर मागितले होते, ते 'दुसऱ्या फेजमध्ये' गेले.

एआयचं विचारलंत. १९७०च्या दशकात स्टॅनफर्डला मायसिन नावाची सिस्टिम झाली, जंतुसंसर्गाला कोणतं अँटिबायोटिक द्यावं ते सांगणारी. तज्ज्ञांनी नावं झाकून तपासलं तर तिचे सल्ले तिथल्या नामांकित डॉक्टरांच्या तोडीचे निघाले. वॉर्डात मात्र ती कधीच वापरली गेली नाही. पेशंटची सगळी माहिती टाइप करत तिच्या एकेका प्रश्नाला उत्तर देत बसायला वॉर्डात कुणाला वेळ आहे? आजचं एआय बोलणं ऐकून नोट लिहितं, ते मला खरंच आवडतं, डॉक्टर पुन्हा पेशंटच्या तोंडाकडे बघायला लागलेत. पण ती नोट चुकीच्या पेशंटच्या पानावर पडली तर ते कोण बघणार, किती मोठ्या अक्षरात नाव दिसणार, हे प्रश्न जिथल्या तिथे आहेत. त्यामुळे काम उरेल का याची काळजी नको, भरपूर आहे.

बरं, उत्तर एकतर्फी वाटेल म्हणून हेही लिहिते. कागद चांगला होता असं मी म्हणत नाही. डॉक्टरांचं अक्षर, हरवलेल्या फाइली, ०.५ मधला न दिसणारा टिंब, हे सगळं मी भोगलंय आणि पुन्हा नको. यूजर कधी चुकतच नाही असंही नाही, दुसऱ्याचा पासवर्ड वापरून नोंदी करणाऱ्यांना मी स्वतः फैलावर घेतलंय. फक्त तिथेही मी आधी बघते की लॉग-इनला किती वेळ लागतो. एकदा मोजला तर दीड मिनिट निघाला.

तुम्हाला इंटर्नशिप मिळाली तर ऑफिसात बसायच्या आधी आठवडाभर वॉर्डात ड्युटी मागा, संध्याकाळची आणि रात्रीची. कोड लिहू नका, शिकवू नका. लोक कुठे चिठ्ठी लिहितात, कुठे हातावर लिहितात, स्क्रीनच्या कडेला काय चिकटवून ठेवतात, तेवढं टिपून घ्या. जिथे चिठ्ठी दिसेल तिथे तुमच्या सिस्टिमने काहीतरी विचारलेलं नाही किंवा दाखवलेलं नाही. तो प्रिंटआउट आणणारा मुलगा हे करायचा, आज तो आमच्या टीमचा हेड आहे आणि नवीन स्क्रीन वॉर्डात जायच्या आधी टेस्टच्या वॉर्डात ३० पेशंट, दोन बेल आणि सतत चालू अ‍ॅडमिशन असतात.

आधीचे हेड नंतर दुसरीकडे गेले. जायच्या आधी एकदा मी त्यांना तो लॉग दाखवला होता, ते म्हणाले, "बघा, तरीही क्लिक तुमचाच होता." मेमो मागे घेतला गेला नाही, माझ्या सर्व्हिस फाइलमध्ये आजही आहे. लॉगचं ते पान मी त्याच्या मागे स्टेपल करून ठेवलंय.