नॉमिनी थोरला भाऊ, वारस मात्र तिघे

प्रश्न : माझे वडील गेल्या वर्षी मृत्युपत्र न करता वारले. त्यांच्या स्वकमाईची अठरा लाखांची मुदत ठेव बँकेत असून तिला नॉमिनी म्हणून दादाचे नाव आहे. वडिलांच्या पश्चात मी शेतजमिनीचे हक्कसोडपत्र दादाला करून दिले. आता तो म्हणतो, की नॉमिनीही तोच आणि माझा हक्कही सुटला आहे. आई माझ्याकडे असते. आम्हा दोघींना काही मिळेल का? (एक वाचक, सातारा जिल्हा)

उत्तर : तुमचा आणि आईंचा हक्क शाबूत आहे, परंतु तो राखण्यासाठी तुम्हाला विलंब करून चालणार नाही. नॉमिनी हा पैसे स्वीकारणारा असतो, मालक नव्हे. सर्वोच्च न्यायालयाने १९८४ मध्ये विम्याच्या रकमेबाबत आणि २०१० मध्ये बँकेतील ठेवीबाबत हे स्पष्ट केले आहे. (विमा कायद्यात २०१५ मध्ये जवळच्या नात्यातील नॉमिनीसाठी वेगळी तरतूद आली, परंतु ती ठेवींना लागू नाही.) हिंदू उत्तराधिकार कायदा, १९५६ नुसार विधवा, मुलगा व मुलगी यांचा वाटा समान असल्याने, आजी (वडिलांच्या आई) हयात नसतील तर, तुम्हा तिघांच्या वाट्याला प्रत्येकी सहा लाख येतात.

खरी अडचण बँकेपाशी आहे. बँकिंग नियमन कायद्यानुसार नॉमिनीला पैसे दिले की बँक मोकळी होते आणि इतर वारसांच्या नुसत्या हरकतीच्या अर्जाची दखल घेण्याचे बंधन तिच्यावर नसते. न्यायालयाचा आदेश मात्र तिला पाळावा लागतो. म्हणून दिवाणी न्यायालयात वाटणीचा दावा लावून त्यातच रक्कम अदा करण्याविरुद्ध तात्पुरता मनाई हुकूम मागावा. रक्कम दादांनी आधीच उचलली असेल, तरी तुमच्या हिश्शाची वसुली त्यांच्याकडून मागता येते.

हक्कसोडपत्राची नक्कल काढून ती शब्दशः वाचा. त्यात केवळ गट नंबर व क्षेत्र नमूद असेल तर ठेवीचा हक्क सुटत नाही. मात्र ‘स्थावर-जंगम सर्व मिळकतीवरील’ असे शब्द असतील तर सही कोणत्या परिस्थितीत झाली, हे वकिलांना बारकाईने सांगा. कित्येक बहिणींकडून असे कागद न वाचून दाखवताच सह्या घेतल्या जातात, याचे मला अतिशय वाईट वाटते.

अनेक जण तलाठ्याकडील वारस नोंद घेऊन बँकेत जातात. ती महसुली दप्तरापुरती असते; येणे रकमेसाठी भारतीय उत्तराधिकार कायदा, १९२५ खालील उत्तराधिकार प्रमाणपत्र लागते. त्यातील चौकशी संक्षिप्त असते आणि गुंतागुंतीच्या वादात न्यायालय प्रथमदर्शनी सरस हक्क असणाऱ्याला, जरूर तर जामीन घेऊन, प्रमाणपत्र देते. त्याने मालकीचा अंतिम निर्णय होत नाही. म्हणूनच तुमच्या प्रकरणात मी दाव्याला प्राधान्य देईन.

दावा चालू असतानाही दादा तडजोडीस तयार झाले, तर ती तोंडी न ठेवता लोकअदालतीत नोंदवून घ्या. तेथील निवाड्याला दिवाणी हुकूमनाम्याचे बळ असते आणि त्यावर अपील होत नाही.