पलंगाखालचे गठ्ठे

प्रश्न: मी ५१ वर्षांची, पुण्यात सदाशिव पेठेत राहते. यजमानांचा छोटा प्रकाशन व्यवसाय आहे. मुद्रितशोधन पहिल्यापासून माझ्याकडे. लग्न झालं तेव्हा जेवणं उरकली की हे हस्तलिखित मोठ्यानं वाचायचे, स्वल्पविरामासकट, आणि मी प्रुफावर लाल पेननं खुणा करायची. मला हे आवडले ते त्या वाचण्यात. आता पीडीएफ येते, ती मी एकटीच बघते. तेव्हा ११०० प्रतींची आवृत्ती असायची; आता ३०० छापतो, त्याही उरतात. अप्पा बळवंत चौकातल्या विक्रेत्यांकडचे पैसे वर्ष-वर्ष सुटत नाहीत. गोडाऊन सोडलं, गठ्ठे पलंगाखाली आले. माझ्या पाटल्या गहाण पडल्यात हे मला पावती सापडल्यावर कळलं.

आता ऑडिओबुकच्या एका कंपनीत मला नोकरी मिळतेय. संहिता तपासायची, निवेदकाचे उच्चार ऐकायचे. हे म्हणाले, ‘जा, तूही जा.’ तेव्हापासून बोलणं चहा-भाजीपुरतं. मी माणसाशी लग्न केलं की पुस्तकांशी, हेच कळेनासं झालंय.

उत्तर: ताई, तुमचं पत्र हाती लिहिलेलं, ऱ्हस्व-दीर्घाची एक चूक नाही. खाडाखोड एकच. ‘आमचा प्रकाशन व्यवसाय’ मधलं ‘आमचा’ खोडून तुम्ही ‘यजमानांचा’ केलंय. मी तिथेच अडले. पाटल्यांना एक ओळ आणि रात्रीच्या वाचनाला दोन, हेही मोजलं. (सवय वाईट.)

माझ्या सासरी सांगलीला छापखाना होता. ऑफसेट छपाई आल्यावर अक्षरं जुळवायचे खिळे शिशाच्या भावानं किलोवर गेले. टेम्पो वळेपर्यंत आमचे हे दारात उभे होते, आणि पुढे वर्षभर माझ्यावर खेकसत राहिले. माझं काय चुकलं, एवढंच मी शोधत बसले. ‘कर्ज किती आहे?’ हे विचारायला मला दोन वर्षं लागली. तुम्ही या रविवारीच विचारा.

‘तूही जा’ मधला ‘ही’ तुमच्या नजरेतून कसा सुटला? विक्रेते गेले, वाचक गेले, गोडाऊन गेलं. त्या यादीत ते तुम्हाला धरताहेत. माणूस धास्तावलाय. पण धास्तावला म्हणून बायकोच्या पाटल्या न विचारता न्यायच्या, हे मला चालणार नाही. तुम्हालाही चालू नये, आणि तसं त्यांना स्पष्ट सांगा.

नोकरी घ्या. पगार तुमच्या एकटीच्या खात्यात. पाटल्या सुटेपर्यंत त्यातला रुपयाही प्रकाशनात घालायचा नाही. इतक्या वर्षांच्या मुद्रितशोधनाचे पैसे तुम्हाला कुणी दिले, हे पत्रात नाही. म्हणजे कुणीच दिले नसणार. पुढच्या पुस्तकापासून फॉर्मामागे दर लावा. १६ पानांचा फॉर्मा, हिशेब सोपा. बिल नवऱ्याच्या नावानं फाडायचं.

गठ्ठ्यांचं म्हणाल तर दोघांनी बसून प्रती मोजा. हलत नाहीत त्या लेखकांना विचारून गावोगावच्या ग्रंथालयांना सवलतीत द्या. नवं पुस्तक आता ५० प्रतींचंही छापता येतं, लागेल तसं पुन्हा. यजमान कुरकुरतील. कुरकुरू देत, पलंगाखालची जागा तुमचीही आहे.

आणि नोकरी लागल्यावर एखाद्या रात्री अडलेला शब्द त्यांना विचारा, ‘हा तुम्ही कसा वाचाल?’ वाचतील, नाहीतर कूस बदलतील. गहाणाची पावती मात्र तुमच्याच पर्समध्ये ठेवा.